थांबलेला कॅमेरा आणि गायब झालेली बाई : मूकपटांतल्या युक्त्या मुलांना का दाखवाव्यात?



दिवाळीच्या सुट्टीनंतर शाळा उघडली, तेव्हा माझ्या चौथीच्या वर्गातला एक मुलगा हाताला प्लास्टर घालून आला. काय झालं विचारलं तर मान खाली. शेवटी आईनेच सांगितलं, "मॅडम, मोबाईलवर बघितलं म्हणे. छत्री उघडून एक माणूस गच्चीवरून उडी मारतो आणि अलगद खाली येतो. यानं पडवीच्या पत्र्यावरून तेच केलं. तुम्हीच समजावा आता. आमचं काही ऐकत नाही."

मी समजावलं, म्हणजे आपण सगळे सांगतो तेच सांगितलं. "अरे, ते खोटं असतं." तो लगेच म्हणाला, "पण मॅडम, मी डोळ्यांनी बघितलं ना! त्याला काहीच झालं नाही."

या वाक्यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. "खोटं असतं" एवढं सांगून भागत नाही. ते खोटं कसं तयार होतं हे मुलाला कळलं पाहिजे. ते कसं शिकवायचं याचा शोध घेता घेता मी सव्वाशे वर्षं मागे, सिनेमाच्या अगदी बालपणात जाऊन पोहोचले. आजच्या रीलमध्ये दिसणाऱ्या बहुतेक गमतींची मुळं तिथे सापडतात. शिवाय त्या फिल्म दोन-तीन मिनिटांच्या, बिनआवाजाच्या आणि भरपूर हसवणाऱ्या आहेत. भाषेची अडचणच नाही. म्हणून हा लेख.

सुरुवात एका खोडीपासून

२८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसमधल्या ग्रँड कॅफेत ल्युमिएर बंधूंनी तिकीट लावून हलती चित्रं दाखवली. त्यात दहा छोट्या फिल्म होत्या. त्यातली एक पूर्ण विनोदी होती. माळी पाइपने बागेला पाणी घालतोय. एक मुलगा मागून येऊन पाइपवर पाय देतो. पाणी बंद होतं. माळी पाइपचं तोंड डोळ्यांजवळ धरून आत बघतो, मुलगा पाय काढतो आणि सगळं पाणी माळ्याच्या तोंडावर! मग माळी त्याला पकडून चोप देतो. एका मिनिटाच्याही आत गोष्ट संपते. वर्गात दाखवली तेव्हा पहिलीची पोरंसुद्धा खो-खो हसली. ही फिल्म कुणाला समजावून सांगावी लागत नाही.

पुढच्याच वर्षी, ७ जुलै १८९६ रोजी, ल्युमिएरच्या फिल्म मुंबईत वॉटसन हॉटेलमध्ये दाखवल्या गेल्या. तिकीट होतं एक रुपया. त्या खेळात भिंत पाडण्याची फिल्मही होती. कामगार भिंत पाडतात, धुरळा उडतो, एवढंच. पण ही फिल्म चालवणाऱ्यांच्या लवकरच लक्षात आलं, की ती उलटी फिरवली तर पडलेली भिंत धुरळ्यातून आपोआप उभी राहते! लोकांना ही उलटी भिंत सुलट्या भिंतीपेक्षा जास्त आवडली. कॅमेरा जे घडलं ते दाखवतो हे खरं, पण जे कधीच घडलं नाही तेही तो दाखवू शकतो, हे इथे लोकांनी पाहिलं.

जादूगार कॅमेऱ्यामागे जातो

ग्रँड कॅफेतल्या त्या खेळाला जॉर्ज मेलिएस हा गृहस्थ हजर होता. जन्म १८६१, पॅरिसचा. वडिलांचा बुटांचा कारखाना. मुलाला मात्र जादूचं वेड. १८८८ मध्ये त्याने रॉबेर-उदँ हे जादूच्या प्रयोगांचं छोटं नाट्यगृहच विकत घेतलं होतं. ल्युमिएरचं यंत्र बघून त्याने ते विकत मागितलं, पण त्यांनी दिलं नाही. मग त्याने लंडनहून रॉबर्ट पॉल यांचं चित्र दाखवायचं यंत्र आणलं आणि त्यात फेरफार करून स्वतःचा कॅमेरा बनवला.

मेलिएसने पुढे स्वतः सांगितलेला किस्सा असा. पॅरिसच्या ऑपेराच्या चौकात तो चित्रण करत होता. मध्येच फिल्म अडकली. ती सोडवायला एखादं मिनिट गेलं, मग चित्रण पुढे सुरू झालं. नंतर फिल्म पडद्यावर चालवली, तर रस्त्यातली प्रवासी घोडागाडी एका क्षणात प्रेतगाडी झाली होती! कॅमेरा थांबला होता, रस्ता थांबला नव्हता. मधला वेळ फिल्मवर उमटलाच नाही.

किस्सा झकास आहे, पण मुलांना सांगताना एक गोष्ट जोडून सांगावी. ही युक्ती जगात पहिल्यांदा मेलिएसलाच सुचली असं नाही. अमेरिकेत एडिसनच्या कंपनीने १८९५ मध्येच राणी मेरीच्या शिरच्छेदाची एक छोटी फिल्म काढली होती. त्यात कुऱ्हाड पडण्याआधी कॅमेरा थांबवून नटाच्या जागी बाहुला ठेवला होता. मेलिएसचं मोठेपण वेगळं आहे. त्याने या युक्तीतला विनोद ओळखला आणि तिची शेकडो रूपं करून पाहिली.

१८९६ मध्येच त्याने बाई गायब करण्याची फिल्म काढली. बाई खुर्चीवर बसते, तो तिच्यावर कापड टाकतो, कापड काढतो तर खुर्ची रिकामी. मग तिथे हाडांचा सापळा येतो आणि शेवटी बाई परत. रंगमंचावर ही जादू करायला जमिनीत चोरदरवाजा लागायचा. कॅमेऱ्यासमोर त्याची गरज उरली नाही.

युक्त्या नेमक्या कशा होत्या?

मुलांना शिकवायला सोपं जावं म्हणून मी पाच प्रकार केले आहेत.

१) थांबवा आणि बदला. कॅमेरा थांबवायचा, वस्तू बदलायची, पुन्हा सुरू करायचा. ऐकायला सोपं, करायला अवघड. बाकी सगळं जसंच्या तसं राहिलं पाहिजे. बाजूच्या माणसाने हात वर केला असेल, तर त्याने हात तसाच धरून पुतळ्यासारखं उभं राहायचं. तेवढ्यानेही भागायचं नाही. नंतर फिल्म नेमक्या जागी कापून बेमालूम चिकटवावी लागे. मेलिएसच्या १९०२ सालच्या चंद्रावरच्या सफरीत हीच युक्ती जागोजागी आहे. चंद्रावरच्या माणसांना छत्रीचा फटका बसला की ती फट्कन धूर होऊन जातात. जमिनीत रोवलेल्या छत्रीचं तर बघता बघता मोठं अळंबं होतं. (छत्री म्हटल्यावर वर्गात सगळ्यांनी कुणाकडे बघितलं, ते सांगायला नको!)

२) एकाच फिल्मवर दोनदा चित्रण. १८९८ च्या एका फिल्ममध्ये मेलिएस स्वतःचं डोकं काढून टेबलावर ठेवतो. खांद्यावर नवं डोकं येतं. तेही काढतो. अशी तीन डोकी टेबलांवर गप्पा मारतात, गाऊ लागतात आणि तो वैतागतो. यामागचं गुपित आहे काळा पडदा. काळा रंग फिल्मवर उमटत नाही, ती जागा कोरी राहते. म्हणून काळ्या पार्श्वभूमीवर चित्रण करायचं, फिल्म मागे गुंडाळायची आणि कोऱ्या राहिलेल्या जागेत दुसरं चित्र घ्यायचं. शेवटच्या वेळी एक चूक झाली तरी आधीचं सगळं वाया. आपल्या मुलांना "एकदा खोडलं तर वही फाडू नका" असं सांगतो ना, इथे खोडायची सोयच नव्हती.

३) जवळ आणि लांब. १९०१ च्या फिल्ममध्ये एक शास्त्रज्ञ भात्याने हवा भरून स्वतःचं डोकं फुग्यासारखं फुगवतो. मदतनीस जरा जास्तच हवा भरतो आणि डोकं फुटतं! यात फुगलं काहीच नव्हतं. कॅमेरा होता तिथेच होता. मेलिएस चाकांच्या आसनावर बसला होता आणि ते आसन उतारावरून कॅमेऱ्याच्या जवळ ओढलं जात होतं. जवळची वस्तू मोठी दिसते, बस्स. आपल्या परिसर अभ्यासाच्या तासाला हे उदाहरण फार छान बसतं.

त्याच वर्षी इंग्लंडमध्ये जेम्स विल्यमसन यांनी याच तत्त्वावर एक अफलातून गंमत केली. माझा फोटो काढू नका असं म्हणणारा माणूस चिडून कॅमेऱ्याकडे येत राहतो. तोंड मोठं, आणखी मोठं होतं आणि तो कॅमेऱ्यासकट कॅमेरावाल्याला गिळून टाकतो! मग मिटक्या मारत मागे जातो. माझ्या वर्गाने ही फिल्म लागोपाठ चार वेळा लावायला लावली.

४) फिल्म उलटी फिरवणे. भिंतीचं उदाहरण वर आलंच आहे.

५) एक-एक चित्र. वस्तू किंचित हलवायची, एक चित्र घ्यायचं, पुन्हा हलवायची. स्पेनचे सेगुंदो द शोमोन यांनी १९०८ मध्ये विजेवर चालणाऱ्या हॉटेलची फिल्म काढली. सामान आपोआप जिना चढतं, ब्रश बुटांना पॉलिश करतो, बाईंची वेणीफणी आपोआप होते. मग एक दारू प्यालेला माणूस यंत्राच्या खोलीत जाऊन भलतेच खटके ओढतो आणि सगळं हॉटेल गरगरायला लागतं. विजेचं नवल नवं होतं, तेव्हाची ही थट्टा आहे. आज घरातली सगळी यंत्रं मोबाईलवर चालतात, त्यामुळे ती जुनी वाटतच नाही. त्याच वर्षी फ्रान्समध्ये एमिल कोल यांनी सुमारे ७०० चित्रं हाताने काढून रेघांची माणसं नाचवली. आजच्या कार्टूनचे हे पूर्वज.

यात हसू का येतं?

मुलांना विचारलं, "डोकं फुटलं, माणूस गिळला, तरी तुम्ही हसलात कसे? भीती नाही वाटली?" एक मुलगी म्हणाली, "त्याला लागत नाही ना मॅडम. तो परत येतो."

मला हे उत्तर फार महत्त्वाचं वाटलं. या फिल्मच्या जगात वस्तू ऐकत नाहीत, शरीर तुटतं आणि जोडलं जातं, आणि कुणालाच दुखत नाही. मोठ्यांची फजिती होते. मुलांना यापेक्षा काय हवं? पण याच उत्तरात धोकाही आहे. "त्याला लागत नाही" हे फक्त पडद्यावर खरं असतं. माझ्या विद्यार्थ्याने नेमकं हेच वाक्य पत्र्यावर उभं राहून खरं मानलं होतं.

आपल्या मातीतला जादूगार

आता आपल्या नाशिक जिल्ह्यातल्या त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या धुंडिराज गोविंद फाळके यांच्याकडे येऊ. दादासाहेब चित्रकला, छायाचित्रण आणि छपाई शिकलेले, शिवाय जादूचे प्रयोगही करायचे. जादूगार म्हणून त्यांचं नाव होतं प्रोफेसर केळफा. मुलांना हे नाव फळ्यावर लिहून उलटं वाचायला सांगा. फाळके!

१९१२ मध्ये दादासाहेब लंडनला गेले. तिथे सेसिल हेपवर्थ यांच्या स्टुडिओत त्यांनी चित्रपटाचं काम पाहिलं. याच हेपवर्थ यांनी १९०० मध्ये मोटारगाडीच्या स्फोटाची विनोदी फिल्म काढली होती. गाडी फुटते, पोलीस दुर्बीण लावून आकाशात बघतो आणि वरून प्रवाशांचे हातपाय टपाटप पडू लागतात! दादासाहेबांनी परत येताना आणलेला कॅमेरा होता विल्यमसन कंपनीचा. कॅमेरा गिळणारी फिल्म काढणाऱ्या विल्यमसन यांचीच ही कंपनी.

परत आल्यावर भांडवल उभं करायचं होतं. लोकांना पटणार कसं? त्यांनी कुंडीत वाटाण्याचं बी लावलं आणि ठरावीक वेळाने एक-एक चित्र घेत राहिले. पडद्यावर बघता बघता अंकुर फुटून वेल मोठा झाला. वरचा पाचवा प्रकार आठवा. फरक एवढाच, की इथे हलवणारा हात निसर्गाचा होता. ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशन सिनेमात 'राजा हरिश्चंद्र' लोकांपुढे आला. पुढे १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये अण्णा साळुंके यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये दादासाहेबांची मुलगी मंदाकिनी हिने बाळकृष्ण साकारला. त्यांनी आगकाड्या हलवून केलेली छोटी गंमतफिल्मही काढली होती.

मला सर्वांत आवडली ती गोष्ट वेगळीच आहे. चित्रपट कसा तयार होतो हे दाखवणारी एक फिल्म दादासाहेबांनी काढली. त्यात ते स्वतः काम करताना दिसतात. जादूगाराने आपली पोतडी उघडून दाखवावी तसं. शिक्षक म्हणून मला हे फार जवळचं वाटतं. गुपित उघड केल्याने त्यांची जादू काही कमी झाली नाही.

सगळंच युक्ती नसतं

इथे थांबलो तर मुलांना वाटेल, पडद्यावरचं सगळंच नकली. तेही खरं नाही. १९२८ च्या एका चित्रपटात बस्टर कीटन या विनोदवीराच्या अंगावर घराची आख्खी दर्शनी भिंत कोसळते. तो उघड्या खिडकीच्या चौकटीत सापडल्यामुळे वाचतो. ही भिंत खरी आणि जड होती. काही इंच इकडेतिकडे झालं असतं तर जीव गेला असता. १९२४ च्या चित्रपटात पाण्याच्या टाकीचा लोंढा अंगावर आल्याने तो रेल्वेरुळावर आपटला. त्याच्या मानेचं हाड मोडलं होतं, हे डॉक्टरांना कित्येक वर्षांनी एक्स-रे काढल्यावर कळलं.

याउलट १९२३ मध्ये हॅरॉल्ड लॉइड उंच इमारतीच्या घड्याळाच्या काट्याला लोंबकळतो, तेव्हा आपला श्वास अडकतो. पण ती भिंत खऱ्या इमारतीच्या गच्चीवर वेगळी उभारली होती आणि खाली, चौकटीबाहेर, गाद्या होत्या. कॅमेऱ्याचा कोन असा, की गाद्या दिसत नाहीत आणि लांबचा रस्ता मात्र दिसतो. चार्ली चॅप्लिन १९३६ च्या 'मॉडर्न टाइम्स'मध्ये डोळ्यांवर पट्टी बांधून कठड्याच्या काठावर स्केटिंग करतो, तिथली खोल दरी म्हणजे कॅमेऱ्यासमोर धरलेल्या काचेवरचं चित्र होतं.

म्हणजे एक भिंत खरी, एक दरी खोटी, आणि बघणाऱ्याला दोन्ही सारखीच! म्हणूनच नुसतं बघून ठरवता येत नाही. चौकटीबाहेर काय असेल? मधला कुठला क्षण दाखवलेला नाही? हे दोन प्रश्न मी आता मुलांकडून घोकून घेतले आहेत.

वर्गात काय केलं?

१. वहीच्या कोपऱ्यावर प्रत्येक पानावर किंचित बदललेला चेंडू काढला आणि पानं भराभर सोडली. मोबाईल नाही, खर्च नाही. चेंडू उडतो!

२. पुस्तकांच्या गठ्ठ्यावर मोबाईल घट्ट टेकवला. बहुतेक मोबाईलमध्ये चित्रण मध्येच थांबवून पुढे सुरू करता येतं. एका मुलीने बाटलीवर फुंकर मारली, "थांब" म्हटल्यावर सगळे स्थिर, बाटली काढली, पुन्हा सुरू. बाटली गायब.

३. मग "चूक शोधा" हा खेळ. एका गटाची ओढणी हलली होती, दुसऱ्याच्या मागे सावलीने जागा बदलली होती, तिसऱ्याच्या फिल्ममध्ये खिडकीतला कावळा अचानक नाहीसा झाला. मुलांचे डोळे किती तयार झाले म्हणून सांगू!

एका पालकांनी विचारलं, "मॅडम, आम्ही घरी मोबाईल काढून घेतो आणि तुम्ही शाळेत देता?" प्रश्न रास्त आहे. माझं उत्तर एवढंच, की मोबाईल चाळीस मिनिटं आणि माझ्यासमोर होता. आणि त्या चाळीस मिनिटांत मुलं फिल्म नुसती बघत नव्हती, तयार करत होती. जो स्वतः एकदा बाटली गायब करतो, तो पुढे दुसऱ्याच्या जादूला सहजासहजी फसत नाही.

मेलिएसचं पुढे काय झालं?

मुलांनी हा प्रश्न हमखास विचारला. त्याने ५०० हून अधिक फिल्म काढल्या. अमेरिकेत त्याच्या चंद्रसफरीच्या चोरून प्रती काढून विकल्या गेल्या. लोकांची आवड बदलली, तो कर्जात बुडाला, १९१३ नंतर फिल्म काढणं थांबलं. १९२३ मध्ये त्याने निराशेच्या भरात स्वतःच्या मूळ फिल्म जाळून टाकल्या. पुढे पॅरिसच्या माँपार्नास स्टेशनवर तो खेळणी आणि मिठाई विकत बसायचा. तिथे एका पत्रकाराने त्याला ओळखलं. १९२९ मध्ये त्याच्या सन्मानार्थ मोठा कार्यक्रम झाला, १९३१ मध्ये फ्रान्सचा मानाचा किताब मिळाला. १९३८ मध्ये तो गेला. त्याच्या साधारण २०० फिल्म आज उरल्या आहेत, त्या इकडूनतिकडून सापडलेल्या प्रतींमुळे. पाचवी-सहावीच्या मुलांना २०११ सालचा 'ह्यूगो' हा चित्रपट जरूर दाखवा. त्यात हा खेळणीवाला म्हातारा भेटतो.

आणि आमचा छत्रीवाला

प्लास्टर निघाल्यावर एका दिवशी तो मधल्या सुट्टीत आला. म्हणाला, "मॅडम, मी ती रील परत बघितली. बाबांच्या मोबाईलवर. दहा वेळा." मी जरा धास्तावलेच. तो पुढे म्हणाला, "उडी मारताना त्याच्या पायात चप्पल आहे. खाली येतो तेव्हा अनवाणी. मध्ये कॅमेरा थांबवलाय."

हे मी त्याला सांगितलेलं नव्हतं. मी ती रील बघितलीसुद्धा नव्हती. "खोटं असतं" हे माझं वाक्य त्याने मानलं नव्हतं, कारण ते माझं होतं. चप्पल मात्र त्याने स्वतः शोधली.

पालकहो, मुलाच्या हातातून मोबाईल घेताना एकदा शेजारी बसून विचारून बघा, "हे कसं केलं असेल रे?" आणि शिक्षक मित्रांनो, वरचा उपक्रम आपल्या वर्गात करा. काय गायब झालं आणि काय सापडलं, ते मला नक्की कळवा.